नाही म्हणायचे असेल तर लेखी म्हणा!

‘साहेब मीटिंगला गेलेत.’ ‘फाईल वर गेली आहे.’ ‘वरून अजून काही आले नाही.’ ‘पुढच्या आठवड्यात या.’

ही चार वाक्ये ऐकली नाहीत असे घर आपल्या मोहल्ल्यात शोधून सापडायचे नाही. अब्बांनी ऐकली, अम्मीने ऐकली, आता बारावीनंतर प्रवेशाच्या धावपळीत तुम्ही ऐकत आहात. या चारांपैकी एकही वाक्य नकाराचे नाही, हे लक्षात घ्या. खिडकीच्या पलीकडे बसलेल्या माणसाने तुम्हाला नाही म्हटलेले नाही. त्याने फक्त काहीच म्हटलेले नाही. आणि या ‘काहीच न म्हणण्यात’ एखाद्या मुलीचे शैक्षणिक वर्ष जाते, एखाद्याची नोकरी जाते, एखाद्या म्हाताऱ्याची पेन्शन त्याच्या आधी संपते.

माझे म्हणणे सरळ आहे. अर्जावर निर्णय न देणे हाही एक निर्णयच आहे. फरक इतकाच की त्यावर कुणाची सही नसते. सही नसल्यामुळे जबाबदार कुणी नसतो. नकाराला अपील करता येते. मौनाला अपील कुठे करणार? म्हणून आपली पहिली मागणी ‘आमचे काम करा’ ही नसावी. पहिली मागणी ही असावी: हो म्हणा किंवा नाही म्हणा, पण मुदतीत म्हणा, कारणासह म्हणा आणि लेखी म्हणा.

जन्म झाला, हे सिद्ध करा

सर्वात जवळचे उदाहरण घेऊ. 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात उशिरा नोंदणीची सोय पहिल्यापासून आहे. 21 दिवसांत कळवायचे, उशीर झाला तर शुल्क आणि परवानगी, एक वर्ष उलटून गेले तर दंडाधिकाऱ्याचा आदेश. 2023 मध्ये कायदा दुरुस्त झाला. 1 ऑक्टोबर 2023 पासून एक वर्षानंतरच्या नोंदणीचा अधिकार न्यायदंडाधिकाऱ्याकडून निघून जिल्हादंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या कार्यकारी दंडाधिकाऱ्याकडे, म्हणजे महसूल खात्याकडे आला. त्याच दुरुस्तीने जन्मदाखल्याचे वजनही वाढवले. त्या तारखेनंतर जन्मलेल्या मुलासाठी शाळा, मतदार यादी, पासपोर्ट, वाहन परवाना, सरकारी नोकरी या सगळ्यांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून तोच दाखला.

एका हाताने कागद अत्यावश्यक केला. मग 2025 च्या जानेवारीत मालेगावच्या प्रकरणावरून राज्य सरकारने विशेष तपास पथक नेमले, उशिराच्या नोंदणीचे दाखले देणे थांबवले आणि मार्चमध्ये नवी, कडक कार्यपद्धती आणली. कारण काय, तर बांगलादेशी आणि रोहिंग्या खोट्या कागदांवर दाखले घेत आहेत असा आरोप.

आरोप झाला तर तपास व्हावा. खोटा कागद देणाऱ्यावर गुन्हा नोंदवावा, खोटा दाखला देणाऱ्या अधिकाऱ्यालाही सोडू नये. आपल्यापैकी कुणीही खोट्या कागदाची वकिली करू नये. पण कायदा अधिकाऱ्याला सांगतो की जन्माची खातरजमा करा आणि आदेश द्या. खातरजमा करण्यासाठी सगळ्यांचेच अर्ज गोठवा, असे त्यात कुठे लिहिलेले नाही. आणि साधा हिशोब करा. खोटा अर्ज सहा महिने गठ्ठ्यात पडून राहिला म्हणून देश सुरक्षित होत नाही. तो सहा दिवसांत तपासून फेटाळला तर होतो. म्हणजे ज्यांना खरोखर घुसखोरीची चिंता आहे, त्यांनी तर आपल्याहून मोठ्या आवाजात ‘लवकर निर्णय द्या’ म्हणायला हवे. ते तसे म्हणत नाहीत, यातच सगळे आले.

या रांगेत फक्त आपणच आहोत असेही समजू नका. दाईच्या हातून घरी जन्मलेली पिढी सगळ्या जातिधर्मांत आहे. फडावर जन्मलेली ऊसतोड कामगारांची मुले, पारधी वस्तीवरची मुले, पाड्यावरची आदिवासी मुले यांच्याकडे कुठला जन्मदाखला? संशय आपल्या नावावर घेतला गेला, पण बंद झालेल्या खिडकीबाहेर तेही उभे आहेत. हा लढा त्यांच्याबरोबर लढला तरच तो नागरिकांचा लढा होईल.

मुदत कुणाला?

दुसरे उदाहरण जात पडताळणीचे. बागवान, तांबोळी, मोमीन, पिंजारी, छप्परबंद अशा कितीतरी बिरादऱ्या राज्याच्या मागासवर्गीय याद्यांत आहेत. पण आजोबांच्या शाळेच्या दाखल्यावर जातीच्या रकान्यात नुसते ‘मुसलमान’ लिहिलेले असते. मास्तरांनी त्या काळी तेवढेच लिहिले. आता ओबीसीसाठी 13 ऑक्टोबर 1967 च्या आणि विमुक्त-भटक्यांसाठी 21 नोव्हेंबर 1961 च्या आधीचे पुरावे शोधत पोरगी तालुक्याच्या शाळा, नगरपालिका, भूमी अभिलेख असे हिंडते. कागद मिळतात, अर्ज जातो, आणि मग समितीकडे शांतता.

पडताळणी समित्यांचा सगळा डोलारा ज्या निकालावर उभा आहे, तो 1994 चा माधुरी पाटील निकाल. त्यातच सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवावी आणि दोन महिन्यांच्या आत संपवावी. समित्या आल्या, दक्षता पथके आली, नमुने आणि शपथपत्रे आली. दोन महिने तेवढे वाटेत हरवले. विद्यार्थ्याने मात्र ठरलेल्या तारखेला वैधता प्रमाणपत्र दिले नाही, तर राखीव जागेवरचा प्रवेश जातो. तिथे ‘साहेब मीटिंगला गेले होते’ हे कारण चालत नाही.

वक्फचेच पाहा. ‘उमीद’ पोर्टल 6 जून 2025 ला सुरू झाले आणि देशभरातल्या वक्फ मिळकतींची माहिती सहा महिन्यांत चढवा असे सांगितले गेले. मुदत वाढवून द्या म्हणून लोक सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा 1 डिसेंबरला त्यांना वक्फ न्यायाधिकरणाचा रस्ता दाखवण्यात आला. अर्जदाराची मुदत लोखंडाची, कार्यालयाची मुदत रबराची. हा भेदभाव कुठल्याही कायद्यात लिहिलेला नाही, पण प्रत्येक खिडकीवर पाळला जातो.

‘हायकोर्टाचा दणका’ म्हणजे नेमके काय?

अशा वेळी माणूस उच्च न्यायालयात जातो. संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली न्यायालय सरकारी अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करण्याचा आदेश देऊ शकते. अशा याचिकांवर बहुतेक वेळा येणारा आदेश दोन-तीन परिच्छेदांचा असतो: अर्जदाराच्या अर्जावर कायद्यानुसार इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या, गुणवत्तेवर आम्ही काहीही मत दिलेले नाही.

संध्याकाळी आपल्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर बातमी फिरते, ‘हायकोर्टाचा दणका!’ पेढे वाटले जातात, वकिलाबरोबर फोटो निघतो. मित्रांनो, आदेश वाचत जा. ‘निर्णय घ्या’ आणि ‘मंजूर करा’ यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये आंध्र प्रदेश राज्य परिवहन महामंडळाच्या प्रकरणात हे अंतर नीट समजावून सांगितले आहे. विचार करा असा आदेश म्हणजे मागणी मान्य झाली असे नव्हे.

हे कळायला लांब जायला नको. शिवसेनेच्या आमदार अपात्रतेच्या याचिका विधानसभा अध्यक्षांकडे पडून होत्या. सर्वोच्च न्यायालयाने 11 मे 2023 ला सांगितले की वाजवी वेळेत निर्णय घ्या. वाजवी वेळ संपेना, तेव्हा न्यायालयाने तारीखच घालून दिली. आधी 31 डिसेंबर, मग वाढवून 10 जानेवारी 2024. त्या दिवशी निर्णय आला आणि दोन्ही गटांतला एकही आमदार अपात्र ठरला नाही. न्यायालयाने निर्णय मागितला होता, निर्णय मिळाला. कुठला मिळेल हे आदेशात नव्हतेच.

मग असा आदेश निरुपयोगी का? अजिबात नाही, आणि इथे मला निराशावाद्यांशीही भांडायचे आहे. ‘कोर्टात जाऊन काय होते, पुन्हा त्याच साहेबाकडे पाठवतात,’ असे म्हणणाऱ्यांना मौन आणि नकार यांतला फरक कळलेला नाही. मौनाविरुद्ध लढायला हातात काही नसते. नकार आला की कागद येतो. कागदावर कारण असते. कारण चुकीचे असेल तर ते तपासता येते, त्यावर अपील करता येते, ते न्यायालयात टिकते का हे पाहता येते. दिल्ली-मुंबईतल्या मोठमोठ्या पदांनाही यातून सूट नाही. राज्यपालांनी विधेयके अडवून ठेवण्याच्या प्रश्नावर 20 नोव्हेंबर 2025 ला पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने मत दिले. राज्यपालांना न्यायालय ठरावीक मुदत बांधून देऊ शकत नाही, गप्प बसले म्हणून विधेयक आपोआप मंजूर झाले असेही म्हणता येत नाही, असे पीठाने सांगितले. त्या मतावर टीका व्हायला हवी आणि होतेही आहे. पण त्याच पीठाने हेही म्हटले की कारण न देता दीर्घकाळ काहीच केले नाही, तर न्यायालय गुणवत्तेत न शिरता ‘निर्णय घ्या’ एवढा मर्यादित आदेश देऊ शकते. जो आदेश राज्यपालांना देता येतो तो तहसीलदाराला देता येत नाही असे कुणी सांगत असेल, तर त्याला हसून पुढे जा.

उशिराची किंमत उशीर करणाऱ्याने द्यावी

तरीही न्यायालयांना एक प्रश्न विचारला पाहिजे. विलंबाची किंमत कोण देते?

या देशाच्या कायद्यात काही ठिकाणी ही किंमत सरकारवर टाकलेली आहे. प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेत असलेल्या माणसाचे निवेदन विनाकारण रखडले, तर त्याला पुढे डांबून ठेवणेच बेकायदा ठरते. 1991 च्या अब्दुल्ला कुन्ही प्रकरणात घटनापीठाने हे स्पष्ट केले. दयेच्या अर्जावर वर्षानुवर्षे निर्णय न घेणे हे फाशीची जन्मठेप करण्याचे कारण ठरते. 2014 च्या शत्रुघ्न चौहान निकालात 15 जणांची फाशी बदलली, बहुतेकांची या विलंबापायीच. अल्पसंख्याक शैक्षणिक संस्थांच्या 2004 च्या कायद्यात तर सरळ तरतूद आहे. संस्था सुरू करण्यासाठीच्या ना-हरकत अर्जावर 90 दिवसांत उत्तर आले नाही, तर ना-हरकत मिळाली असे मानले जाते.

तिन्ही ठिकाणी तत्त्व एकच. तुम्ही गप्प बसलात, तर परिणाम तुमच्याविरुद्ध जाईल. आणि जिथे हे तत्त्व नाही, तिथे परिणाम नेहमी अर्जदाराविरुद्ध जातो. आठ आठवड्यांत निर्णय घ्या, असा आदेश मिळवायला पोरीने वकिलाची फी भरली, वर्ष गमावले. दोन वर्षे झोपलेल्या कार्यालयाला मात्र आणखी आठ आठवडे मिळाले, खर्चाचा एक रुपयाही न भरता. याला शिक्षा म्हणायचे की मुदतवाढ?

न्यायालयांचे हात बांधलेले आहेत असेही नाही. 1986 च्या जगन्नाथन प्रकरणात, आणि ते प्रकरण अनुसूचित जाती-जमातीच्या कर्मचाऱ्यांचेच होते, सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की अन्याय टाळण्यासाठी योग्य प्रकरणात उच्च न्यायालय तो आदेश स्वतः देऊ शकते जो अधिकाऱ्याने द्यायला हवा होता. म्हणजे अधिकार आहे. कागदपत्रे पूर्ण आहेत, वाद काही नाही आणि विलंबाचे कारण कुणी सांगू शकत नाही, अशा प्रकरणात तरी ‘पुन्हा त्यांच्याकडे जा’ एवढ्यावर याचिका निकाली काढू नये. निदान खर्च त्या अधिकाऱ्याच्या खिशातून वसूल करावा आणि निर्णय येईपर्यंत अर्जदाराचा प्रवेश, नोकरी किंवा लाभ सुरक्षित ठेवावा. ही भीक नाही. चूक ज्याची, भुर्दंड त्याचा, हा व्यवहार बाजारातल्या भाजीवाल्यालाही कळतो.

निवेदनाचा फोटो

आता थोडे आपल्याच माणसांविषयी. राग आला तरी चालेल.

आपल्याकडे प्रश्न उभा राहिला की दहा जण शेरवानी-टोपी घालून जिल्हाधिकारी कार्यालयात जातात, ‘निवेदन’ देतात, साहेबांबरोबर फोटो काढतात आणि संध्याकाळपर्यंत तो सगळ्या ग्रुपवर असतो. मी कित्येकदा विचारले आहे: निवेदनाचा आवक क्रमांक काय? उत्तरात हसू मिळते. त्या निवेदनाला कायद्याचे पाय नसतात. त्यात अर्जदाराचे नाव नसते, कुठल्या कलमाखाली काय हवे ते नसते, मागच्या अर्जाची तारीख नसते. साहेबही ते हसतमुखाने घेतात, कारण त्यांना ठाऊक असते की याला उत्तर द्यावे लागणार नाही. जी मागणी लेखी, नेमकी आणि पोच घेऊन केलेली नाही, तिच्यावर न्यायालय आदेश तरी कसला देणार? आधी मागणी करा, ती नाकारली किंवा दुर्लक्षिली गेली हे दाखवा, मग आमच्याकडे या, हा तर या याचिकेचा पहिला नियम आहे.

दुसरी सवय एजंटाची. ‘दोन हजार द्या, आठवड्यात करून देतो.’ घाई असते, देतो आपण. पण प्रत्येक दोन हजारांनी पुढच्या गरिबाची रांग लांबते. आणि उद्या चौकशी लागली की एजंट गायब, दाखला रद्द, आणि आरोपीच्या जागी आपला भाऊ.

तिसरी सवय उशिरा जागे होण्याची. 2008 च्या सी. जेकब प्रकरणात एका माणसाने 1982 मध्ये गेलेल्या नोकरीसाठी जवळपास 18 वर्षांनी निवेदन दिले. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की निवेदनावर उत्तर मिळवल्याने मेलेला दावा पुन्हा जिवंत होत नाही. सरकारची दिरंगाई आपल्याला दिसते. आपलीही कुणीतरी मोजत असते.

मग करायचे काय?

अर्ज ज्याचा त्याच्याच नावाने, लेखी. पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडायची नाही. पोच नाकारली तर रजिस्टर पोस्टाने पाठवा आणि पावती जपा.

महाराष्ट्र लोकसेवा हक्क कायदा 2015 पासून आहे. अधिसूचित सेवांसाठी ठरलेली मुदत आहे, अर्जाला क्रमांक आहे, आणि अर्ज फेटाळायचा तर कारणे लेखी द्यावी लागतात. लेखी नकाराचा आपला आग्रह कायद्यातच लिहिलेला आहे! मुदत टळली तर 30 दिवसांत पहिले अपील, मग दुसरे, मग आयोग. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड होऊ शकतो. दंड लहान आहे, पण तो त्याच्या नावावर लागतो.

जी सेवा त्या यादीत नाही, तिथे 2005 चा बदल्या व दिरंगाई प्रतिबंधाचा कायदा दाखवा, ज्याला सगळे ‘दप्तर दिरंगाई कायदा’ म्हणतात. सर्वसाधारणपणे कुठल्याही कर्मचाऱ्याकडे फाईल सात कामकाजाच्या दिवसांहून जास्त पडून राहू नये. दुसऱ्या विभागाकडे जायचे नसेल तर 45 दिवसांत आणि जायचे असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा, असे तो सांगतो. त्याच्या जोडीला माहितीचा अधिकार. प्रश्न फक्त तीन विचारा. माझा अर्ज कोणत्या तारखेला कोणाकडे गेला? त्याच्याकडे किती दिवस राहिला? त्याने त्यावर काय शेरा मारला? उत्तरासाठी 30 दिवस आहेत. हे तीन प्रश्न पोहोचले की बऱ्याच फाईलींना पाय फुटतात.

एवढे करूनही शांतताच असेल, तर उच्च न्यायालय. कोल्हापूरला 18 ऑगस्ट 2025 पासून सर्किट बेंच सुरू झाले आहे; सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या माणसाला आता मुंबईची वारी नको. स्त्रिया आणि मुलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क 1987 च्या विधी सेवा कायद्याने दिला आहे, आणि विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय प्रत्येक जिल्ह्यात आहे. याचिकेत नुसता ‘निर्णय घ्या’ मागू नका. कारणांसह निर्णय, निश्चित तारीख, तोवर अंतरिम संरक्षण आणि खर्च, या चार गोष्टी मागा. आदेशाची तारीख उलटली तर अवमान याचिका एका वर्षाच्या आत करा. आणि निर्णय विरुद्ध आला तर घाबरू नका. ज्याच्यासाठी इतके दिवस भांडलात तो कागद आता हातात आहे. पुढची लढाई त्याच्यावर.

हे एकट्या घराने करायचे काम नाही. प्रत्येक वस्तीत चार शिकलेली मुले-मुली, एक वही, एक लॅपटॉप एवढे पुरे. जुम्म्याच्या नमाजनंतर मशिदीबाहेर एक टेबल लावा, रविवारी शाळेच्या व्हरांड्यात बसा. वहीत लिहा: अर्ज कशाचा, दिला कधी, मुदत कधी संपते, पुढचे अपील कोणत्या तारखेला. शेजारच्या बौद्ध वस्तीतली, पारध्यांच्या पालावरची मुलेही त्या टेबलाशी येऊ द्या. एका वर्षानंतर त्या वहीत जी यादी तयार होईल, तिच्यासमोर शंभर निवेदनांचे फोटो फिके पडतील. कारण मग आपण ‘आमच्यावर अन्याय होतो’ एवढेच म्हणणार नाही. अमुक कार्यालयात अमुक इतके अर्ज इतके दिवस पडून आहेत, हे तारीखवार दाखवू. अशा यादीपुढे न्यायालयालाही थांबून वाचावे लागते.

अर्ज, दप्तर, तहसील, मुदत हे शब्द मराठीत फारसी-अरबीतून आले आणि इथलेच झाले. दिरंगाई हा शब्दही तसाच आला. पहिले चार सांभाळू. पाचवा मात्र आपल्या वहीतल्या तारखांनी हद्दपार करू.

उद्या खिडकीवर कुणी म्हणाले, ‘पुढच्या आठवड्यात या,’ तर आवाज चढवू नका. कोरा कागद पुढे करा आणि म्हणा, ‘साहेब, एवढेच यावर लिहून द्या.’